सेकंदाला सोळा चौकटी

नव्या फिल्मच्या काठावरची शंभर भोकं मोजली, तर त्यांची लांबी चारशे पंचाहत्तर मिलिमीटर भरते. माझ्यासमोरच्या तुकड्याची चारशे एकोणसत्तर भरली. मी पोलादी पट्टी उचलली, फिल्म पुन्हा सरळ केली आणि पुन्हा मोजली. चारशे एकोणसत्तर. सहा मिलिमीटर म्हणजे तांदळाच्या एका दाण्याएवढं अंतर. पण तेवढ्यानं छपाईच्या यंत्राचे दात भोकांत बसत नाहीत आणि फिल्म काठानं फाटत जाते.

"किती आटली?" इस्माईलभाईंनी विचारलं.

"सव्वा टक्का."

"मग बरीच म्हणायची तब्येत. आमच्या घरात मला निम्मा आटला म्हणत्यात."

इस्माईलभाई मुजावर मिरजेचे. तरुणपणी फिरत्या सिनेमाच्या तंबूत हातानं यंत्र फिरवायचे, आणि साठी उलटल्यावर आमच्या संस्थेत फिल्म जोडायला आले होते. मी रसायनशास्त्राची. पुण्यातल्या एका खाजगी विश्वस्त संस्थेच्या चित्रपटसंग्रहात जुन्या फिल्मांची तपासणी करायचे. पुढं दगडी इमारतीत कार्यालय आणि मागं, शंभर पावलांवर, आमची पत्र्याची शेड. नायट्रेटची जुनी फिल्म एकदा पेटली की पाण्याखालीसुद्धा जळत राहते, म्हणून आम्हाला सगळ्यांपासून लांब ठेवलेलं. १९८६ सालचा फेब्रुवारी होता.

तो तुकडा एका जपानी मूकपटाच्या पाचव्या रिळाचा होता. युद्धाच्या आधी मुंबईत कापसाच्या व्यापाराला आलेल्या कुणा जपान्यानं आपल्या मंडळींना दाखवायला तो आणला. युद्ध सुरू झालं, त्याचं सामान लिलावात गेलं, आणि इस्माईलभाईंच्या तंबूमालकानं काय घेतोय ते न बघता डबे उचलले. चाळीस वर्षं ते मिरजेत एका माळ्यावर पडून होते. आम्ही डब्यांवरची अक्षरं उतरवून जपानला पाठवली, तेव्हा उत्तर आलं की या दिग्दर्शकानं एकोणीस चित्रपट केले, त्यातला एकही कुठं शिल्लक नाही, हा एवढाच. आणि दिग्दर्शक हयात आहे.

दुपारी कारखानीससाहेब शेडमध्ये आले. ते संस्थेचे चिटणीस. एरवी ते आम्हाला पुढं बोलवून घेत, स्वतः येत नसत.

"वर्तकबाई, बसा, बसा. उठू नका." हातातलं पत्र त्यांनी माझ्या टेबलावर ठेवलं. "तुमचं यंत्र येतंय."

मी पत्र वाचलं. आटलेली, वाकडी झालेली फिल्म न फाडता छापणारं यंत्र. सहा वर्षं मी त्याच्यासाठी अर्ज करत होते. आमच्या कोठीत सव्वीस मराठी मूकपट होते आणि दर पावसाळ्यानंतर त्यातला एखादा डबा उघडला की आत तपकिरी भुकटी निघायची. पत्र तो मूकपट काढणाऱ्या जपानी कंपनीचं होतं. कंपनीला साठ वर्षं होत होती. आम्ही मूळ डबे परत द्यायचे, त्याआधी इथंच त्यांची नवी प्रत काढायची, आणि ज्या यंत्रावर ती काढायची ते यंत्र कंपनी आमच्याकडेच ठेवणार होती.

"खालचा परिच्छेद वाचा."

खाली लिहिलं होतं की पाचव्या रिळाच्या शेवटी काही कामगार कॅमेऱ्याकडं बघून हात हलवत असल्याचं कळतं. तो भाग कथेशी संबंधित नाही आणि नव्या प्रतीत घेऊ नये.

"तुम्ही पाहिलाय तो भाग?" साहेबांनी विचारलं.

"ताणून, उजेडाला धरून. चालवून नाही."

"चालवा की."

शेडमध्ये संकलनाचं एक टेबल होतं, दुधी काचेवर लहानसं चित्र दिसणारं. त्याची मोटर एकाच वेगानं चालायची, बोलपटाच्या, सेकंदाला चोवीस चौकटी. इस्माईलभाईंनी फिल्म हलक्या हातानं चढवली. एक गिरणी दिसली. वाफेनं भरलेल्या खोलीत मुलींच्या रांगा. मग एकेक मुलगी समोर यायची, दोन्ही हात वर करायची, हलवायची आणि बाजूला व्हायची. दुसरी यायची. तिसरी.

"टाटा कराय लागल्यात," इस्माईलभाई म्हणाले. "आमच्या तंबूपुढं पोरं करायची तशी."

साहेब हसले. मीही हसले असेन. मी घड्याळ लावलं होतं, दोन मिनिटं चाळीस सेकंद.

"बघितलंत?" साहेब म्हणाले. "शूटिंग बघायला जमलेल्या पोरी. कुणीतरी गमतीनं काढलं आणि राहून गेलं. आता माझं एक छोटं काम. तुमच्या तपासणीच्या अहवालात लिहा, की एवढा भाग रासायनिकदृष्ट्या खराब झालाय, छपाईलायक नाही."

"पण तो खराब नाही."

"मला माहितेय."

"मग तसं का लिहायचं? त्यांना नको असेल तर त्यांनी घेऊ नये."

"कारण दिग्दर्शक येतोय." साहेबांनी खुर्ची ओढली. "ब्याऐंशी वर्षांचा माणूस. कंपनी पाठवतेय, सत्कार वगैरे. त्याच्या संमतीशिवाय कापता येत नाही असा त्यांच्यात काहीतरी जुना करार आहे. माणूस हट्टी आहे म्हणे. पण फिल्मच सडली म्हटल्यावर संमतीचा प्रश्न राहत नाही. कुणाचं मन दुखायला नको. तुमच्या सहीला किंमत आहे, बाई. तुम्ही लिहिलंत की कुणी उलटून विचारत नाही."

मी काही बोलले नाही. साहेबांनी ते होकारासारखं घेतलं, आणि त्यात त्यांची फारशी चूक नव्हती. मी सहसा बोलत नसे.

ते गेल्यावर इस्माईलभाई फिल्म काढता काढता म्हणाले, "लिवणार?"

"बघते."

"बघते म्हंजे काय?"

"बघते म्हणजे बघते, इस्माईलभाई."

दिग्दर्शक कुरामोची दोन दिवसांनी आले. बरोबर दुभाषी म्हणून हेमांगी पानसे होती. ती पुण्यातच जपानी शिकवायची. तिशीही न ओलांडलेली, भराभर बोलणारी मुलगी. कुरामोची बुटके, ताठ, आणि हात मात्र अंगाच्या मानानं मोठे. नखांच्या कडांना काळं. चित्रपट सोडल्यावर त्यांनी नागानो भागातल्या एका गावात सायकलदुरुस्तीचं दुकान काढलं होतं, हेमांगीनं सांगितलं. पन्नास वर्षं तेच केलं.

"म्हंजे आपलेच की," इस्माईलभाई म्हणाले. "विचारा त्यांना, पंक्चरची टिकली चिकटवायला काय वापरतात?"

हेमांगीनं विचारलं. म्हातारबुवांनी गंभीरपणे लांबलचक उत्तर दिलं. इस्माईलभाईंनी तितक्याच गंभीरपणे मान डोलवली. पाच मिनिटं दोघं डिंक आणि सरस यांवर बोलले आणि हेमांगी घामाघूम झाली.

मग कुरामोचींनी डब्याचं झाकण उघडून वास घेतला. फिल्मला हात लावला नाही. लावण्याआधी त्यांनी माझ्याकडं पाहिलं. मी सुती हातमोजे पुढं केले. ते त्यांच्या हातांना लहान पडले, तेव्हा त्यांनी हात पाठीमागं बांधले आणि नुसते वाकून पाहत राहिले.

कारखानीससाहेबही होते. ते हेमांगीला म्हणाले, "त्यांना सांग, शेवटचा थोडा भाग काळानं खराब केलाय. आमच्या वर्तकबाई तज्ज्ञ आहेत. त्यांचा अहवाल तयार होतोय."

हेमांगी बोलली. म्हाताऱ्यानं माझ्याकडं वळून काही विचारलं.

"विचारतायत, फिल्म चिकट झालीय का?"

खराब होणारी नायट्रेट फिल्म आधी फिकट पडते, मग चिकट होते, मग तिच्यावर फोड येतात, शेवटी तिची भुकटी होते. हे त्यांना ठाऊक होतं. त्या भागाला नुसती पिवळट झाक होती.

"अजून तपासतेय," मी म्हणाले.

मी खोटं बोलले नव्हते. खरंही बोलले नव्हते. कुरामोची माझ्याकडं जरा जास्त वेळ बघत राहिले, आणि मग चित्र बघायचं आहे म्हणाले.

इस्माईलभाईंनी पाचवं रीळ चढवलं. मोटर सुरू झाली. मुली आल्या, हात हलवले, गेल्या. दहाबारा जणी झाल्यावर कुरामोचींनी काचेवर बोट टेकलं.

"थांबवा म्हणतायत," हेमांगी म्हणाली. "म्हणतायत, या त्या नाहीत. म्हणजे... या मुली त्याच, पण यांना घाई आहे. त्यांना घाई नव्हती."

"वेग," मी म्हणाले. "त्यांना विचार, किती वेगानं चित्रीकरण केलं होतं?"

हेमांगीनं विचारलं. ते खिन्नपणे हसले.

"त्यांना माहीत नाही. कॅमेरा हातानं फिरवायचे. फिरवणारा युद्धात गेला. आणि दाखवताना पडद्याशेजारी एक निवेदक उभा असायचा, तिकडं तशी पद्धत होती. सगळ्या पात्रांचे आवाज तोच काढायचा, गोष्ट तोच सांगायचा. त्याला श्वास घ्यायला वेळ हवा असेल, तर यंत्रवाला हळू फिरवायचा. त्यामुळं खरा वेग असा कुणालाच... ते म्हणतायत, मी डोळ्यांनी ओळखेन, पण आकडा सांगू शकत नाही."

"ठीक आहे ना," कारखानीससाहेब म्हणाले. "हळू काय, भरभर काय, टाटा तो टाटाच. जेवायला जाऊ या?"

ते दोघांना घेऊन जेवायला गेले. मी गेले नाही.

अहवालाचा कोरा कागद माझ्यासमोर होता. मी तो बाजूला सारला आणि रीळ हातानं मागं घेतलं. मुलींच्या आधीच्या दृश्यात एक गोष्ट माझ्या लक्षात राहिली होती. गिरणीच्या खोलीत दाराच्या वरच्या चौकटीच्या पातळीला एक फळी होती. कुणाचा तरी धक्का लागून तिच्यावरची रेशमाच्या कोशांची टोपली खाली जमिनीवर पडते. मी भिंगाखाली चौकटी मोजल्या. टोपली फळीवरून सुटते तिथपासून जमिनीला लागते तिथपर्यंत नऊ पूर्ण आणि दहावीच्या मध्यावर जमीन.

हेमांगी आणि कुरामोची परतले तेव्हा मी हेमांगीला विचारलं, "जपानमधल्या सरकत्या दाराची उंची किती असते?"

"काय?"

"दाराची उंची. जुन्या. ठरलेली असते ना?"

"हो, साधारण ठरलेली. पाच फूट आठ-नऊ इंच? थांबा." तिनं कुरामोचींना विचारलं. सायकलवाला माणूस, त्यानं तत्काळ आपल्या मापात आकडा सांगितला आणि हेमांगीनं तो कागदावर बदलून दिला. एक मीटर शहात्तर.

मी गणित मांडलं. तेवढ्या उंचीवरून सुटलेली वस्तू खाली यायला सहा दशांश सेकंद लागतात. पुण्यात लागतात आणि जपानमध्येही लागतात. सहा दशांश सेकंदात साडेनऊ चौकटी. म्हणजे सेकंदाला सोळा.

कुरामोची माझ्या खांद्यावरून कागद बघत होते. आकडे त्यांना वाचता येत होते. त्यांनी टोपलीच्या चौकटीवर बोट नेलं, मग सोळावर, आणि तोंडातून एक लहानसा आवाज काढला.

"काय म्हणाले?"

"काही नाही. नुसतं 'अरे' म्हणाले."

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही मोटरचा पट्टा काढून टाकला आणि चाकाला हातानं फिरवायचा दांडा बसवला. एका फेऱ्याला आठ चौकटी पुढं जातील असं इस्माईलभाईंनी जमवलं.

"म्हंजे सेकंदाला दोन फेरं. अवो, हे तर आमचं जुनंच काम. तंबूत दोन फेऱ्यांच्या वर गेलं की मालक शिव्या द्यायचा, खेळ लवकर संपतोय म्हणून."

मी हातात घड्याळ धरून मोजत होते, पहिले वीस सेकंद. त्यानंतर त्यांना माझी गरज राहिली नाही. कारखानीससाहेब दाराशी उभे होते. कंपनीला त्याच दिवशी कळवायचं होतं आणि माझा अहवाल त्यांना हवा होता. कुरामोची काचेसमोर स्टुलावर बसले होते.

पहिली मुलगी आली. दोन्ही हात छातीशी आणले. ते वर उचलले आणि तळवे आमच्याकडं केले. मग हात उलटे केले, बोटं पसरली, आणि तशीच थांबली. मग खाली घेतले. ती निघून गेली.

ती हात हलवत नव्हती. हात दाखवत होती.

दुसरी आली. आता तिच्या बोटांची टोकं नीट दिसत होती. पांढरी, फुगलेली, सुरकुतलेली, काही ठिकाणी कातडी सुटलेली. रेशमाचे कोश उकळत्या पाण्यात टाकावे लागतात. पाण्यात हात घालून कोशाचं टोक शोधावं लागतं, तेव्हा धागा सुटतो. रेशमावरचा डिंक किती तपमानाला विरघळतो ते मी परीक्षेत लिहिलं होतं. पंचाण्णव अंशांच्या आसपास.

तिसरीला डाव्या हाताची दोन नखं नव्हती. अकराव्या मुलीनं तळवे पुढं करताना जरा हसू आणलं, मग ते मिटवलं. बारा-तेरा वर्षांच्या असतील काही. चेहरे स्पष्ट होते. प्रत्येकीला सहा सेकंद. चाळीस मुली, चार मिनिटं.

इस्माईलभाईंचा दांडा शेवटपर्यंत एकदाही अडखळला नाही. फिल्म संपल्यावरही त्यांनी हात दांड्यावरच ठेवला होता.

"या अल्ला," ते म्हणाले. "आन् आपण हसलो."

कुरामोची बोलू लागले. ते माझ्याकडं बघून बोलत होते, हेमांगी वाक्यावाक्याला थांबवून सांगत होती.

"गोष्ट साधी होती. डोंगरातली एक मुलगी गिरणीत कामाला येते आणि शेवटी तिचं लग्न होतं. कंपनीनं दिलेली गोष्ट. मी सव्वीस वर्षांचा होतो. चित्रीकरणाला खऱ्या गिरणीत गेलो. जेवणाच्या सुट्टीत एका मुलीनं मला विचारलं, तुमच्या सिनेमात आमचे हात दिसणार का? मी म्हटलं, दिसतील. ती म्हणाली, नाही, तुमच्या नटीचे दिसतील. तिचे हात चांगले आहेत." हेमांगी थांबली, ते पुढं बोलले. "मग मी त्यांना रांगेत उभं केलं. कुणावर जबरदस्ती केली नाही. साठ जणी होत्या. चाळीस आल्या."

"मग?" मी विचारलं.

"पहिली प्रत परदेशी गेली होती. ही. जपानात पोलिसांनी चित्रपट अडवला. कंपनीत पैसा त्या गिरणीवाल्यांचाच होता. त्यांनी माझ्यापुढं एक कागद ठेवला. त्यावर लिहिलं होतं, की या नट्या आहेत, हात रंगवलेले आहेत, आणि हा भाग कापायला माझी संमती आहे. सही केली तर पुढचा चित्रपट देऊ म्हणाले. नाही म्हटलं तर तुरुंग होता."

"आणि तुम्ही?"

हेमांगीला हे विचारावं लागलं नाही. त्यांना प्रश्न कळला होता.

"मी नऊ दिवस कागदासमोर बसलो. सही केली नाही. नाहीही म्हटलं नाही. मला वाटत होतं, गप्प राहणं म्हणजे नाही म्हणणंच. दहाव्या दिवशी त्यांनी माझ्याशिवाय कापलं. गिरणीनं चेहरे ओळखून चाळीसच्या चाळीस जणींना कामावरून काढून घरी पाठवलं. माझी सही नसल्यामुळं त्यांना काही मदत झाली नाही. मी नाही म्हणालो असतो, निदान वर्तमानपत्रात आलं असतं. मी पुन्हा स्टुडिओत गेलो नाही. लोक म्हणाले, बोलपट आले म्हणून यानं सोडलं. मी तेही नाकारलं नाही." त्यांनी कोटाच्या खिशातून एक लिफाफा काढला. "कंपनीचे आताचे अध्यक्ष त्या गिरणीमालकाचे नातू आहेत. चांगले गृहस्थ आहेत. त्यांनी मला विमानाचं तिकीट दिलं, आणि हा कागद दिला. तोच मजकूर, फक्त भाषा आता सभ्य आहे."

कारखानीससाहेबांनी रुमालानं चष्मा पुसला. ते वाईट माणूस नव्हते. दोन वर्षांपूर्वी आमच्या कोठीतला एक डबा भुकटी होऊन निघाला, तेव्हा मी त्यांना या शेडमध्ये रडताना पाहिलं होतं.

"वर्तकबाई," ते खालच्या आवाजात मराठीत म्हणाले, "जरा इकडं या." मी गेले. "मलाही वाईट वाटतंय. मी दगड नाही. पण तुम्ही सायन्सच्या, तुम्हाला प्रमाण कळतं. एका बाजूला चार मिनिटं. परक्या देशातली. दुसऱ्या बाजूला आपले सव्वीस चित्रपट. यंत्र आलं नाही तर पाच वर्षांत त्यातले किती उरतील?"

"दहा. कदाचित आठ."

"तुम्हीच म्हणताय. आणि हे म्हातारबुवा सही करणारही नाहीत, नाही म्हणणारही नाहीत, परत सायकली दुरुस्त करायला जातील. यांचा स्वभावच तो. तुम्ही दोन ओळी लिहा. फिल्म सडली. कुणी काही कापलं नाही, कुणी काही लपवलं नाही. रसायनशास्त्रानं केलं."

"रसायनशास्त्रानं नाही केलेलं."

"बाई..."

"साहेब, ती फिल्म चांगली आहे." माझा आवाज माझ्या अपेक्षेपेक्षा मोठा निघाला. हेमांगीनं वळून पाहिलं. "पहिल्या अवस्थेतली आहे. नुसती पिवळी पडलीय. चिकटलेली नाही, फोड नाहीत, चित्र जागेवर आहे. मी अहवालात तेच लिहिणार. आणि तिच्याआधीच्या टोपलीच्या दृश्यापासून मुलींपर्यंत अखंड पट्टी आहे, मधे एकही जोड नाही, म्हणजे ती मूळ चित्रपटाचाच भाग आहे, मागून घातलेली नाही. तेही लिहिणार."

"आणि यंत्र?"

"यंत्र नाही आलं तर नाही आलं."

"सहा वर्षं तुम्ही माझ्या डोक्यावर बसलात त्या यंत्रासाठी!"

"बसले. पुढची सहाही बसेन. पण खोट्या अहवालावर आणलेल्या यंत्रावर मी आपले सव्वीस चित्रपट छापून दिले, तर त्यातलं काय सडलंय आणि काय मी सडलंय म्हणतेय, हे उद्या कुणाला कळणार? कुणीतरी येईल, म्हणेल, यातला अमुक भाग आमच्या आजोबांना शोभत नाही. तुम्ही म्हणाल, बाई, दोन ओळी."

साहेब लाल झाले. "तुम्ही मला हे बोलताय?"

"हो."

इस्माईलभाई दांडा सोडून उभे राहिले. "साहेब, कामावरून काढायचं असलं तर दोघांना काढा. एकट्या बाईंना काढलं तर मला कोण बोलणार नाही, करमायचं नाही."

"तुम्ही मधे बोलू नका, मुजावर."

"बरं."

"आणि ही चार मिनिटं छापणार कशावर?" साहेब माझ्याकडं वळले. "तुमच्याच मापानं सव्वा टक्का आटलीय. आपल्या यंत्रावर फाटेल."

"हातानं. एकेक चौकट बसवून. तीन हजार आठशे चाळीस चौकटी आहेत. आम्ही दोघं दिवसाला दोनशे करू. वीस दिवस लागतील. बाकीची रिळं आणि पाचव्याचा आधीचा भाग कमी आटलाय, ते सावकाश चालवता येईल."

"तुम्ही हिशोबही करून ठेवलात."

"काल संध्याकाळी."

ते हसतील असं क्षणभर वाटलं. हसले नाहीत. कुरामोचींच्या हातातल्या लिफाफ्याकडं त्यांनी पाहिलं, आणि मग सरळ त्यांच्यासमोर जाऊन उभे राहिले.

"हेमांगी, त्यांना सगळं सांग. आम्ही काय बोललो ते. काही गाळू नकोस. बाई काय म्हणाल्या, मी काय म्हणालो, यंत्राचंही सांग. आपले चित्रपट सडतायत तेही सांग."

हेमांगी बोलत राहिली. बराच वेळ. एकदा ती माझ्याकडं हात करून बोलली, एकदा इस्माईलभाईंकडं. कुरामोची ऐकताना मान खाली घालून बसले होते. सव्वीस चित्रपटांचं आलं असावं तेव्हा त्यांनी डोळे मिटले.

"आता विचार," साहेब म्हणाले. "मला अहवाल नको, स्वभाव नको, काही नको. मला आज दुपारी कंपनीला कळवायचंय. हा भाग कापायला त्यांची संमती आहे की नाही? एवढंच. तोंडानं सांगू दे. गप्प राहिले तर मी ते हो धरीन, आणि तसं कळवीन."

हेमांगीनं विचारलं. शेवटचं वाक्य तिनं हळू उच्चारलं.

शेडच्या पत्र्यावर एक खार पळत गेली. कुरामोचींनी लिफाफा उघडला, आतला कागद काढून सरळ केला, आणि टेबलावर माझ्या पोलादी पट्टीशेजारी ठेवला. सहीची जागा रिकामी होती. मी त्यांच्या मोठ्या, काळ्या कडांच्या बोटांकडं पाहत होते. त्यांनी ती टेबलावर दाबून धरली आणि उभे राहिले.

पाच-सहा शब्द असतील. मोठ्यानं, जवळजवळ ओरडून. मग त्यांनी ते पुन्हा म्हटले, तितक्याच मोठ्यानं.

हेमांगीचे डोळे भरले होते.

"काय म्हणाले?" साहेबांनी विचारलं.

"म्हणाले, नाही," ती म्हणाली. "त्या नट्या नव्हत्या. माझी संमती नाही."